कायदा पटला नाही, तर ज्यूरीने काय करायचं?

प्रश्न : ताई, नमस्कार. मी नागपूरच्या महाल भागात राहतो. शाळेतून मराठीचा शिक्षक म्हणून निवृत्त झालो. माझी मुलगी बरीच वर्षं न्यू जर्सीत आहे, आता तिकडची नागरिक आहे. मध्यंतरी तिला ज्यूरीचं बोलावणं आलं. निवड करताना न्यायाधीशांनी सगळ्यांना विचारलं, 'मी सांगेन तो कायदा तुम्हाला पटला नाही तरी तुम्ही तो पाळाल ना?' ती 'हो' म्हणाली. तिची निवड झाली नाही, पण प्रश्न तिच्या डोक्यातून जात नाही. पुन्हा बोलावलं तर काय सांगू, असं ती मला विचारते. इकडे अंबाझरीला सकाळी फिरणाऱ्या आमच्या मंडळींत यावरून रोज वाद. एक म्हणतात, ज्यूरीला कायदा बाजूला ठेवायचा हक्कच असतो, त्याला ज्यूरी नलिफिकेशन म्हणतात. दुसरे म्हणतात, नानावटीला असंच सोडलं म्हणून आपल्याकडची ज्यूरी बंद पडली. तिसऱ्यांनी कस्तुरबानगरच्या बायकांचं उदाहरण दिलं. खरं काय? आणि विचारू नये, पण विचारतो : ज्यूरीत तुम्ही असता तर काय केलं असतं?

उत्तर : गुरुजी, नमस्कार. पत्र दोनदा वाचलं. विचारू नये म्हणून तुम्ही जो प्रश्न विचारलात, तोच मला सगळ्यात जवळचा वाटला. पंचवीस वर्षं मी सत्र न्यायालयात सरकारची बाजू मांडली आणि हा प्रश्न मला निदान दोन खटल्यांनी विचारलेला आहे. त्याकडे शेवटी येते.

आधी अर्थ. ज्यूरी म्हणजे आरोपी दोषी की निर्दोष हे ठरवायला खटल्यात बसवलेली सामान्य नागरिकांची मंडळी. आरोपीने गुन्हा केला हे पुराव्यावरून दिसतंय, कायदाही स्पष्ट आहे, तरी ज्यूरी त्याला निर्दोष ठरवते. कारण तो कायदाच तिला अन्यायाचा वाटतो, किंवा या माणसाला त्या कायद्याखाली शिक्षा व्हावी हे तिच्या मनाला पटत नाही. याला ज्यूरी नलिफिकेशन म्हणतात. तुमचे मित्र त्याला हक्क म्हणतात, पण खरं तर ती एक फट आहे, तीन नियमांच्या मध्ये राहिलेली. ज्यूरी आपल्या निकालाचं कारण देत नाही, नुसतं दोषी किंवा निर्दोष एवढंच सांगते. निकाल चुकला म्हणून ज्यूरीतल्या कुणाला शिक्षा करता येत नाही. आणि ज्यूरीने सोडलेल्या माणसावर तोच खटला पुन्हा चालवता येत नाही. यातला एक जरी नियम काढला तरी फट बुजते. हे तिन्ही ध्यानात ठेवा, आपल्याकडे काय झालं ते त्यांच्यावरूनच कळेल.

यातला दुसरा नियम फुकट मिळालेला नाही, त्याची गोष्ट मुलीला जरूर सांगा. १६७० सालचं लंडन. विल्यम पेन आणि विल्यम मीड हे दोघे क्वेकर या ख्रिस्ती पंथाचे. त्यांच्या प्रार्थनागृहाला टाळं लागलं होतं, म्हणून पेनने रस्त्यावरच प्रवचन केलं. बेकायदा जमाव आणि शांतताभंगाचा खटला झाला. ज्यूरीने निकाल आणला : पेन रस्त्यावर बोलला एवढंच आम्ही म्हणतो. 'बेकायदा' हा शब्द काही त्यांच्या तोंडून निघेना. कोर्टाने त्यांना अन्न, पाणी, शेकोटी, तंबाखू काहीही न देता रात्रभर कोंडलं. पुन्हा विचारलं, पुन्हा तेच. आणखी एक रात्र कोंडलं. शेवटी त्यांनी सरळ 'निर्दोष' म्हणून सांगितलं. कोर्टाने प्रत्येकाला चाळीस मार्क दंड केला आणि भरेपर्यंत तुरुंगात धाडलं. एडवर्ड बुशेल नावाच्या ज्यूरीतल्या माणसाने दंड भरायला नकार दिला आणि तुरुंगातून अर्ज केला. सरन्यायाधीश व्हॉन यांनी त्याला सोडलं. त्यांचं म्हणणं साधं होतं : साक्षी ऐकून काय खरं हे ठरवायचं काम ज्यूरीचं आहे, न्यायाधीशाच्या मनासारखं ठरवलं नाही म्हणून दंड करायचा असेल तर ज्यूरी हवीच कशाला? तेव्हापासून निकालाबद्दल ज्यूरीला शिक्षा करणं थांबलं. उपाशीपोटी दोन रात्री काढलेल्या त्या सामान्य माणसांबद्दल मला आजही फार आदर वाटतो. कायदा शिकवताना न्यायाधीशांची नावं घेतात, बुशेलचंही घ्यायला हवं.

पुढे अठराव्या शतकात इंग्लंडात राहत्या घरातून चाळीस शिलिंगांचा माल चोरला तर फाशी होती. ज्यूरीतली माणसं काय करायची? चोरीचा माल ढळढळीत जास्त किमतीचा असला, तरी त्याची किंमत एकोणचाळीस शिलिंग ठरवायची. ब्लॅकस्टोनसारख्या मोठ्या कायदेपंडिताने याला पुण्याची खोटी शपथ म्हटलं. एका शिलिंगाने माणसाचा गळा वाचायचा. अमेरिकेत जॉन पीटर झेंगर या मुद्रकाने न्यूयॉर्कच्या गव्हर्नरवर टीका छापली, आणि १७३५ साली त्याच्यावर खटला चालला. मजकूर खरा असला तरी राजद्रोहच, असा तेव्हाचा कायदा होता. ज्यूरीने त्याला सोडून दिलं. १८५० नंतर पळालेल्या गुलामांना आसरा देणाऱ्यांवर खटले झाले, तेव्हा उत्तरेतल्या काही ज्यूरींनी शिक्षा करायला नकार दिला.

इथवर वाचून तुमच्या मित्रांची छाती फुगली असेल. म्हणून आता १९५५ सालचं मिसिसिपी. एमेट टिल हा चौदा वर्षांचा काळा मुलगा शिकागोहून नातेवाइकांकडे आला होता. एका गोऱ्या बाईशी आगाऊपणे वागल्याचा ठपका ठेवून त्याला रात्री घरातून उचलून नेलं, हालहाल करून मारलं आणि नदीत टाकलं. दोन गोरे आरोपी, समोर बाराच्या बारा गोरे पुरुष ज्यूरीत. तासाभरात दोघे निर्दोष. काही महिन्यांनी त्या दोघांनी पैसे घेऊन एका मासिकाला आपणच त्याला मारल्याचं सांगितलं. तिसरा नियम आठवा : पुन्हा खटला नाही. त्यांना कुणी हातही लावू शकलं नाही. पेनला वाचवणारी फट आणि टिलच्या मारेकऱ्यांना वाचवणारी फट एकच आहे. तिला आत कोण चाललंय हे दिसत नाही.

अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १८९५ साली स्पार्फ खटल्यात याची सीमा आखली. ज्यूरीने न्यायाधीश सांगतील तो कायदा मानायचा, आणि तुम्हाला कायदा बाजूला ठेवता येतो असं न्यायाधीशाने ज्यूरीला सांगायची गरज नाही. म्हणजे हात धरणार कुणी नाही, पण हात उचल असंही कोर्ट म्हणणार नाही. म्हणूनच तुमच्या मुलीला तो प्रश्न विचारला गेला. इंग्लंडात अगदी अलीकडे एक निवृत्त समाजसेविका कोर्टाबाहेर फलक घेऊन उभी राहिली : ज्यूरीला आपल्या विवेकाप्रमाणे आरोपीला सोडण्याचा अधिकार आहे. तिच्यावर न्यायालयाच्या अवमानाची कारवाई मागितली गेली. २०२४ मध्ये तिथल्या उच्च न्यायालयाने ती चालू द्यायला नकार दिला.

आता आपल्याकडचं. ज्यूरी म्हटलं की मराठी माणसाला आधी टिळक आठवायला हवेत. १९०८ साली मुंबई उच्च न्यायालयात राजद्रोहाच्या खटल्यात टिळक स्वतःच ज्यूरीपुढे बोलले, एकवीस तासांहून जास्त, दिवसांमागून दिवस. ज्यूरीत सात युरोपियन आणि दोन पारशी. सात विरुद्ध दोन अशा मतांनी दोषी. लंडनच्या बुशेलला आपल्या सोबत्यांना धरून ठेवता आलं, कारण तिथे बाराही जणांचं एकमत लागायचं. आपल्याकडे नऊपैकी सहा एका बाजूला गेले आणि न्यायाधीशाला ते पटलं की काम भागत होतं. ज्यांच्या विवेकाचा टिळकांना उपयोग झाला असता, त्यांची संख्या ज्यूरी बसवतानाच पुरेशी कमी ठेवलेली होती. ज्यूरीच्या निकालानंतरही मी निर्दोष आहे असं म्हणताना त्यांनी ज्या वरच्या शक्तीचा आधार घेतला, ते शब्द आज त्याच कोर्टात संगमरवरावर कोरलेले आहेत. मुंबईला गेलात तर बघून या.

जिल्ह्याच्या सत्र न्यायालयात तर ही फट कधी पुरती उघडलीच नव्हती. १८९८ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ३०७ होतं. ज्यूरीच्या मताशी न्यायाधीश सहमत नसेल आणि न्यायासाठी गरज आहे असं त्याला स्पष्ट वाटत असेल, तर तो प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवू शकत होता, आणि उच्च न्यायालय पुरावा नव्याने तपासून ज्यूरीचा निकाल फिरवू शकत होतं. तिसरा नियम गेला. ज्यूरीचं 'निर्दोष' हे शेवटचं उत्तर राहिलं नाही.

नानावटी प्रकरणात हेच झालं. २७ एप्रिल १९५९ ला नौदलातले कमांडर कावस नानावटी यांनी पत्नीचा प्रियकर प्रेम आहुजा याला गोळ्या घातल्या. ज्यूरीने आठ विरुद्ध एक मतांनी निर्दोष ठरवलं. सत्र न्यायाधीशांनी कलम ३०७ खाली प्रकरण वर पाठवलं, उच्च न्यायालयाने १९६० मध्ये जन्मठेप दिली, सर्वोच्च न्यायालयाने २४ नोव्हेंबर १९६१ ला ती कायम केली. १९६४ मध्ये राज्यपाल विजयालक्ष्मी पंडित यांनी माफी दिली. हे कायदा झुगारणं होतं का? छातीठोकपणे नाही सांगता येत. झटापटीत चुकून गोळ्या सुटल्या, असा बचाव होता. आठ जणांना तो खरा वाटला असेल, किंवा त्यांना नानावटींची कीव आली असेल. पहिल्या नियमाने त्यांच्या तोंडाला कुलूप आहे.

पण नानावटीमुळे ज्यूरी गेली, हे मात्र बरोबर नाही. मोतीलाल सेटलवाड अध्यक्ष असलेल्या विधी आयोगाने १९५८ मध्येच, म्हणजे ती गोळी सुटायच्या आधी, ज्यूरी बंद करावी असं सांगितलं होतं. आणि त्या खटल्यानंतरही देशात काही ठिकाणी ज्यूरी बसत होती. १९७३ ची नवी संहिता १ एप्रिल १९७४ पासून लागू झाली, तिच्यात ज्यूरीला जागा ठेवली नाही. पारशी विवाहांच्या कोर्टात न्यायाधीशासोबत समाजातले पाच जण अजून बसतात, तेवढाच मागमूस उरलाय.

आपल्या भागात सामान्य माणसं कोर्टात बसायची ती असेसर म्हणून. माझे आजोबा मालगुजार. नागपूरच्या सत्र न्यायालयात त्यांना असेसर म्हणून बोलावणं यायचं. आजी सांगायची, टांग्यातून उतरले की पगडी खुंटीला लावायच्या आधीच म्हणायचे, 'आज विचारलं, पण ऐकलं नाही.' असेसरचं मत न्यायाधीशावर बंधनकारक नव्हतं. १९५५ च्या दुरुस्तीने तेही बंद झालं. आजोबांना त्याचं वाईट वाटलं होतं, असं आजी म्हणायची.

कस्तुरबानगरबद्दल. १३ ऑगस्ट २००४ ला आपल्या जिल्हा न्यायालयात, जामिनाच्या सुनावणीसाठी आणलेल्या अक्कू यादव या गुंडाला त्या वस्तीतल्या बायकांच्या जमावाने कोर्टाच्या खोलीतच ठार केलं. वर्षानुवर्षं त्या बायकांनी जे सोसलं ते मी नाकारत नाही, त्यांच्या तक्रारी वेळेवर ऐकल्या असत्या तर तो दिवस आलाच नसता. पण ज्यूरीशी याचा संबंध जोडू नका. ज्यूरीला कायद्यापलीकडे जाऊन एकच गोष्ट करता येते : समोरच्याला सोडणं. पुरावा नसताना दोषी ठरवलं, तर न्यायाधीश किंवा वरचं कोर्ट तो निकाल मोडू शकतं. शिक्षा करायची मुभा तिला कधी नव्हती, ठार मारायची तर नाहीच. त्या खटल्यातले आरोपी २०१४ मध्ये निर्दोष सुटले, तेही पुरावा सिद्ध न झाल्यामुळे. तो न्यायाधीशाने कारणांसह दिलेला निकाल होता.

मुलीला एवढं सांगा. ज्यूरी निवडताना दिलेलं उत्तर शपथेवरचं असतं, म्हणून निवड व्हावी यासाठी खोटं 'हो' म्हणू नकोस. एखादा कायदा मनाला अजिबात पटत नसेल तर तसं सांग, फार तर घरी पाठवतील. निवड झाली आणि आत बसलीस, तर तुझं मत तुझं आहे, त्याबद्दल कुणी जाब विचारणार नाही. फक्त हेही लक्षात ठेव की तिथे फौजदारी निकालाला एकमत लागतं. एकटी अडून राहिलीस तर आरोपी सुटत नाही, ज्यूरीचं एकमत झालं नाही एवढंच ठरतं, आणि खटला पुन्हा उभा राहू शकतो.

आता माझ्यापुरतं.

आपल्याकडे आता न्यायाधीशाला निकालाची कारणं लिहावी लागतात आणि सुटकेविरुद्ध अपील होतं, त्यामुळे ही फट राहिलेली नाही असं पुस्तक सांगतं. माझा अनुभव वेगळा आहे. ती साक्षीदाराच्या पिंजऱ्यात सरकली आहे. नव्वदच्या दशकात एक खटला माझ्याकडे आला. एका तालुक्यातलं छोटं गाव, पोळ्याचा आदला दिवस. म्हाताऱ्या शेतकऱ्याने बैलांचे खांदे शेकले होते, 'आज आवतण घ्या, उद्या जेवायला या' म्हणून झालं होतं. तेवढ्यात सावकाराचा माणूस आला आणि कर्जापोटी जोडी सोडून न्यायला लागला. म्हाताऱ्याने दारातली कुऱ्हाड उचलली. त्या माणसाचा खांदा मोडला, थोडक्यात वाचला. कलम ३०७, खुनाचा प्रयत्न. (हे भारतीय दंड संहितेतलं ३०७, मघाचं नाही.) अख्ख्या गावासमोर घडलेलं. अकरा साक्षीदार, त्यातले आठ फितूर. एकेक जण पिंजऱ्यात येऊन सांगायचा, 'मी त तवा वावरात होतो जी,' 'मले काई दिसलं नाई.' पंचनाम्याचा पंचही उलटला. शेवटच्या म्हातारीला मी जरा जोरात विचारलं, तर माझ्याकडे बघून म्हणाली, 'पोरी, पोळा होता ना.' एवढं बोलून पुन्हा, 'मले काई दिसलं नाई.' म्हातारा सुटला.

तीन वर्षांनी, दुसऱ्या तालुक्यात, एक सून जळून मेली. भिंतीला भिंत लागून घरं, भर दुपार. गल्लीतली बारा माणसं पिंजऱ्यात आली. तेच शब्द, तोच सूर : 'मले काई दिसलं नाई जी.' नवरा आणि सासू सुटले. निकाल ऐकून मी चेंबरमध्ये दार लावून बसले. तिची आई बाहेर बाकावर होती, तिच्यासमोर जायला मला पाय उचलत नव्हते.

तुम्ही ज्यूरीत असता तर, असं तुम्ही विचारलंत. सुनेच्या खटल्यात उत्तराला एक क्षण लागला नसता. म्हाताऱ्याच्या खटल्यात मी त्याला सोडलं नसतं. ३०७ खाली मात्र दोषी धरलं नसतं. दंड संहितेत कलम ३३५ होतं : अचानक आणि गंभीर चिथावणीमुळे केलेली जबर दुखापत. पोळ्याच्या आदल्या दिवशी गोठ्यातून बैल सोडून नेणं याहून मोठी चिथावणी विदर्भातल्या शेतकऱ्याला कुठली असेल? शिक्षेच्या वेळी १९५८ च्या परिवीक्षा कायद्याखाली चांगल्या वागणुकीच्या हमीवर त्याला घरी पाठवा, असं न्यायाधीशांना सांगितलं असतं. दयेची दारं आपल्या कायद्यात आहेत, आणि त्यातून जाताना कारण लिहून खाली सही करावी लागते. मला ते उपाशी ठेवलेल्या बारा माणसांच्या भरवशापेक्षा बरं वाटतं. पण साक्षीदार खरं बोलले असते तरच मला हे मागता आलं असतं. गावाला आमच्या कोर्टाचा तेवढा भरवसा नव्हता.

आरोपी सुटला की अपील करण्याजोगं प्रकरण आहे की नाही, हा अभिप्राय सरकारी वकिलाला लिहावा लागतो. सुनेच्या खटल्यात मी नऊ पानं लिहिली. म्हाताऱ्याच्या खटल्यात एक ओळ लिहिली : पुरावा नाही, अपील करू नये. ती ओळ खरी होती. ती लिहायला मला दहा मिनिटंही लागली नाहीत, आणि ती आपण इतक्या लगेच का लिहिली याचं कारण मी त्या कागदावर लिहिलेलं नाही.